कव्हर खेळाडूची मान

"तुम्ही काय करता?" डॉक्टरांनी विचारलं.

"कबड्डी खेळतो. कव्हरला."

त्यांनी कॉम्प्युटरचा पडदा माझ्याकडे वळवला. "खेळत होतात," ते म्हणाले.

पडद्यावर माझ्या मानेचा एमआरआय होता. मणक्यांमधून एक दोरी खाली येत होती आणि दोन ठिकाणी चिमटीत धरल्यासारखी बारीक झाली होती. "सर्व्हायकल मायलोपथी," डॉक्टर म्हणाले. मग त्यांनी समजावून सांगितलं. मेंदूचे निरोप हातापायांपर्यंत नेणारा मज्जारज्जू मानेत दाबला गेलाय. "ऑपरेशनने पुढचं नुकसान थांबवता येईल. गेलेलं परत येईलच, असं मी सांगू शकत नाही."

माझी बायको प्रतिभा शेजारी बसली होती. तिने एवढंच विचारलं, "किती दिवसांपासून असेल हे?"

डॉक्टर माझ्याकडे पाहू लागले. उत्तर मलाच ठाऊक होतं. दोन वर्षं.

मी मोहाडी तालुक्यातल्या करडीचा. धान निघालं की शेताच्या रिकाम्या बांधीत रेघा मारून आम्ही खेळायचो. माझे खांदे रुंद, अंग जड, पळण्यात मी मागे. त्यामुळे चढाई कधी माझ्या वाट्याला आली नाही, बचावातली कव्हरची जागा आली. लोकांना चढाई करणाऱ्याचं नाव पाठ असतं. कव्हरने कोपऱ्यातल्या गड्याचा हात धरून साखळी करायची, आणि वेळ आली की डोकं-खांदा घालून समोरच्याला मैदानाबाहेर ढकलायचं. ते मी सोळा वर्षं केलं. त्यावर सरकारी खात्यात नोकरी लागली. दोन हंगाम मोठ्या लीगमध्येही खेळलो. टीव्हीवर माझा चेहरा क्वचितच दिसायचा, पण घरचे माझी पाठ ओळखायचे.

पहिलं लक्षण सरावात आलं. एका धडकेनंतर मानेतून बोटांपर्यंत करंट गेला. मिनिटभराने हात पुन्हा माझा झाला. आम्ही सगळेच अशा करंटला हसायचो. मग तो वरचेवर येऊ लागला. मान खाली घातली की पाठीतून झिणझिण्या उतरायच्या. शर्टाचं बटण लावायला वेळ लागायचा. सपाट रस्त्यावर पाय अडखळायचा. संघाच्या तपासणीत फॉर्मवर प्रश्न होता, हातापायांना मुंग्या येतात का? मी "नाही" लिहिलं. माझी जागा घ्यायला तीन जण तयार होते.

खात्याच्या संघात माझ्या शेजारी कोपऱ्याला आंधळगावचा मंगेश खेळायचा. दहा वर्षं आम्ही एकमेकांचे हात धरून खेळलो. एका उपांत्य सामन्यात तो आत झेपावला. मी त्याचा हात घट्ट धरून मागोमाग जायचं होतं. माझी बोटं मिटलीच नाहीत. हात सुटला. मंगेश एकटाच समोरच्याच्या अंगाखाली गेला आणि त्याचा गुडघा फिरला.

प्रशिक्षक ओरडले, "हात काहून सोडला बे?"

"घाम होता," मी म्हणालो.

त्यानंतर तीन महिन्यांनी घरच्या पायरीवर माझा पाय उचलेना, तेव्हा प्रतिभाने मला नागपूरला नेलं.

ऑपरेशनचं नाव लॅमिनोप्लास्टी. मानेच्या मणक्यांचा मागचा भाग उघडून आतल्या दाबलेल्या दोरीला जागा करून देतात. साडेचार तास लागले. शुद्धीवर आलो तेव्हा गळ्याला कॉलर होती, लघवीला नळी होती. तिसऱ्या दिवशी फिजिओथेरपिस्ट बाईंनी उजव्या हातात स्पंजचा चेंडू दिला. "दाबा." मी दाबला. चेंडूला काहीच झालं नाही. ज्या हाताने नव्वद किलोचा माणूस उचलून फेकला, त्या हाताला स्पंज ऐकेना.

बाबा धानाच्या लावणीचा रोवणा अर्धा टाकून करडीहून आले. पलंगाजवळ उभे राहिले. मग म्हणाले, "मी टीव्हीसमोर टाळ्या वाजवून राहिलो होतो. तुले लागून राहिलं, हे मले काहून नाई दिसलं?" मी कोणाला दिसूच दिलं नव्हतं.

सहाव्या दिवशी मंगेश आला, काठी टेकत. त्याच्या गुडघ्यालाही पट्टा होता. त्याने केळी आणली होती. माझ्याकडून ते सहन झालं नाही.

"मंगेश, घाम नव्हता. हातात जोरच नव्हता. मले माहीत होतं."

त्याने माझ्या हाताकडे पाहिलं. "तवाच सांगितलं असतं त मी एकटा गेलो नसतो," तो म्हणाला. आवाज चढवला नाही. केळी ठेवून तो निघून गेला. पुन्हा आला नाही, फोनही नाही. मी केला तर उचलत नाही. त्याला दोष देत नाही.

दुसऱ्या दिवशी दवाखान्यातून सुट्टी मिळणार होती. त्या दुपारी मी प्रतिभाला म्हणालो, "मले घरी कायले नेऊन राहिली?"

"तुमी चूप राहा. तोंड उघडा," ती म्हणाली आणि भाताचा घास पुढे केला. तिच्या डोळ्यांतलं पाणी थेट ताटात पडत होतं.

आता नऊ महिने झाले. वॉकर धरून अंगणापर्यंत जातो. उजवी मूठ अर्धीच मिटते. शेवटच्या तपासणीत डॉक्टर म्हणाले, "सुधारणा बहुतेक इथवरच." अशा वेळी लोक धीर ठेवायला सांगतात. मला तो रोज सापडत नाही. काही सकाळी डोळे उघडायचीही इच्छा होत नाही. हे लिहितोय ते एवढ्यासाठीच की, करंट गेला आणि हात परत आला म्हणजे काही झालं नाही, असं समजू नका. मान तपासून घ्या. आणि शेजारच्या गड्याला सांगा.

गेल्या महिन्यात आसगावहून काजल नावाच्या खेळाडूचा फोन आला. तीही कव्हरला खेळते. कोणाकडून तरी तिने माझ्याविषयी ऐकलं होतं. तिच्या दोन्ही हातांना करंट येत होता आणि चार दिवसांवर राज्य संघाची निवड होती.

"खेळू नको. आधी एमआरआय कर," मी म्हणालो.

"भाऊ, खरं सांगा. तुमाले कोणी असं म्हटलं असतं त तुमी थांबले असते?"

खोटं बोलायची सवय होती, तरी या वेळी जमलं नाही. "नाई," मी म्हणालो.

तिने फोन ठेवला. पाच दिवस मी तिचाच विचार करत राहिलो. निवड होऊन गेली असणार.

सहाव्या दिवशी सकाळी फोन वाजला. प्रतिभाने तो स्पीकरवर टाकून माझ्या उशीशी ठेवला. पलीकडून खुर्च्या सरकल्याचे आवाज, कोणाचं तरी नाव पुकारलेलं.

"भाऊ, निवडीले गेली नाई मी. एमआरआयच्या रांगेत बसली आहो. लय भेव लागून राहिलं."

"एकटी आहेस?"

"हो. घरी नाई सांगितलं अजून. नंबर येतवरी फोन चालू ठेवता?"

"ठेवतो," मी म्हणालो.

पाऊण तास आम्ही दोघंही फारसं काही बोललो नाही.