बिबिसाराआजीचा बिनमिठाचा चहा

अमुदर्या नदीकाठच्या आमच्या गावात दुधाच्या चहात चिमूटभर मीठ घालतात. ते प्रमाण बिबिसाराआजीइतकं कुणालाच जमत नाही, असं स्वतः बिबिसाराआजीच सांगायची. तिचा जीव मात्र अंगणातल्या जर्दाळूच्या झाडात अडकलेला. तीन वर्षं त्याला फळ नव्हतं. "आळशी मेलं, आमच्या ह्यांच्यावर गेलंय!" असं म्हणत ती त्याला विहिरीच्या दोन बादल्या जास्तच घालायची.

डोंगराकडे दिलेली लेक झामिरा सहा वर्षांनी माहेरी आली. पहिल्याच घोटाला तिनं तोंड वाकडं केलं.

"आई, मीठ किती घातलंस गं?"

"चिमूटसुद्धा नाही! आधी चिमूट घालायचे, मग अर्धी, आता लागतच नाही. हात बसलाय माझा!"

झामिरानं विहिरीचं पाणी चाखलं आणि थुंकलं. "अगं, विहीरच खारट झालीय!"

"मला तर गोड लागतंय," आजी म्हणाली. पण झाडाच्या बुंध्याभोवतीचा पांढरा थर तिला आज प्रथमच दिसला. तिनं खोडावरून हात फिरवला. "मीच तुला खारं पाजलं रे, आणि वर शिव्याही घातल्या."

आता झाडाला ती कालव्याचं पाणी घालते. आणि दारात परगावचा कुणी आला, की आधी त्याच्याकडून ते चाखून घेते.