वाकू नको म्हणणारी माणसं

माझ्या पाठीला काही झालंच नव्हतं, असं मी म्हणणार नाही. झालं होतं. वेल्ह्याच्या वर, तोरण्याच्या पोटात एक धनगरवस्ती आहे. तिथवर एसटी यावी म्हणून आम्ही संघटनेच्या पोरी तहसील कचेरीवर मोर्चा काढणार होतो. त्याची पत्रकं वाटून उतरताना निसरड्या पायवाटेवर मी पाठीवर आपटले. कंबर धरली. उठता-बसता ओरडत होते. ते दुखणं खरं होतं.

खोटं त्यानंतर सुरू झालं.

हायवेजवळच्या एका हाडांच्या डॉक्टरनं एक्स-रे उजेडाला धरला आणि माझ्याकडे न बघता आईला सांगितलं, "मणक्यात गॅप आहे. वाकायचं नाही, ओझं नाही, गाडीचे दणके नाहीत. नाहीतर पाय जातील."

पाय जातील! असं वाक्य कुठल्या सरकारी नोटिशीत असतं, तर पुरावा काय म्हणून मीच भांडले असते. तिथं मात्र मुकाट मान हलवली, पट्टा बांधला आणि घरी आले.

मग जपायला लागले. आधी वाकणं सोडलं. हंडा, केरसुणी, चूल, सगळं आईकडे गेलं. मग एसटी सोडली, रस्त्यात खड्डे म्हणून. मग डोंगर. मग खाली मांडी घालून बसणंसुद्धा. दुखणं कमी होईल म्हणून एकेक गोष्ट सोडत गेले आणि दुखणं पसरत गेलं. कंबरेतून मांडीत, मांडीतून मानेत. पुढं पुढं तर नुसता एसटीचा हॉर्न ऐकला तरी छाती धडधडायची, तळहात ओले व्हायचे. आमच्या प्रत्येक पत्रकाच्या शेवटी 'घाबरू नका, घराबाहेर पडा' असं असायचं. ते मीच लिहायचे. आणि आता खाली पडलेला चमचा उचलायला आईला हाक मारायचे.

वाडीनं लई सांभाळलं. कुणी हातातली पिशवी काढून घ्यायचं, कुणी खुर्ची पुढं करायचं. "ठेव गं, तुझी कंबर!" सोबतच्या पोरी आधी फोन करायच्या, मग मोबाईलवर नुसते सभांचे फोटो यायला लागले, मग तेही थांबले. मोर्चा माझ्याविना निघाला. वस्तीवर एसटी अजून आलेली नाही.

मधे आई आणि आत्या मला भोरला एका फिजिओथेरपीवाल्या बाईंकडे घेऊन गेल्या. बाईंनी मला वाकवलं, वळवलं, पाय उचलायला लावले. मी कळवळले. मग मला पडद्यामागं शेकायला झोपवलं आणि त्या दारात या दोघींशी बोलत राहिल्या. मला म्हणाल्या, "तुझ्याशी पुढच्या वेळी सविस्तर बोलू." ती पुढची वेळ आईनं येऊच दिली नाही. परतताना भाड्याच्या गाडीत मी विचारलं, काय म्हणाल्या? आई म्हणाली, "जपायला सांगितलंय." आत्या बाहेर बघत होती.

घरात बसल्याचा हा तिसरा पावसाळा. यंदा भातलावणीला आमच्या खाचरात इर्जिक होती. इर्जिक म्हणजे घरटी एक माणूस एकमेकांच्या शेतात राबतं. मजुरी नाही, ज्याचं शेत त्याच्याकडे जेवण. आमच्या घरची पाळी आई सगळ्यांकडे फेडून आली होती. मी बांधावर. होय, चिखलाच्या कडेला प्लास्टिकच्या खुर्चीत, चहाच्या किटलीवर छत्री धरून.

आत्या साठीची. गुडघे सुजलेले, तोंड अखंड चालू. कंबर सरळ करायला ती उभी राहिली आणि माझ्याकडे बघून म्हणाली, "काय तहसीलदारबाई, खुर्ची सोडवंना व्हय?"

बायका हसल्या. मीही हसले. "आत्या, मला वाकायची बंदी आहे."

"कुणाची बंदी? त्या भोरच्या बाईनं तर तुला वाकायलाच सांगितलंय."

"वन्सं..." आई पुटपुटली.

"आता काय वन्सं? किती दिस गप बसू मी? आगं पोरी, ती म्हनली, हाडाला काय न्हाई. मार कवाच बरा झालाय. आता भ्या बसलंय. जेवढी जपंल तेवढं दुखंल. थोडं थोडं कामाला लावा, दुखलं तरी लावा. व्हय का न्हाई, वयनी?"

आई खाली बघून रोप लावत राहिली.

मी सगळ्यांसमोर ओरडले. "तू मला खोटं सांगितलंस?"

आई उभी राहिली. हात कोपरापर्यंत चिखलात. "त्या डोंगरात एकली हिंडायचीस. कचेरीवर पोलीस येत्यात म्हनं. सांजची एसटी गेली न तू आली न्हाईस, की माझा जीव टांगनीला. तू घरात बसलीस तवा कुठं मला झोप लागाय लागली. काय चुकलं माझं?"

साहेब लोक खोटं बोलतात, त्याची मला सवय आहे. त्यांच्यावर पत्रक काढता येतं. डॉक्टरला तर माझं नावही आठवत नसेल. पण आईवर कसलं पत्रक काढायचं? स्वतःची भीती तिनं माझ्या कंबरेला बांधली आणि त्याला माया म्हणाली. मला बाहेर सोडणं ती टाळत होती, मी वाकणं टाळत होते, आणि दोघींची भीती त्यावरच पोसली जात होती. हे आज शांतपणे लिहिता येतंय. तेव्हा नुसता संताप होता. माझी उमेदीची वर्षं या बाईनं माझ्याच पाठीमागं खर्ची घातली, एवढंच डोक्यात होतं.

चपला काढल्या आणि खाचरात उतरले. वाकायच्या आधीच अंग आखडलं. हॉर्न ऐकल्यावर व्हायचं तसंच छातीत व्हायला लागलं. दात आवळून वाकले, एक रोप खोचलं. कळ आली, मस्तकात गेली. मी पायांकडे बघत राहिले. ते चिखलात होते तसेच उभे होते. दुसरं रोप खोचलं.

"हळू," आत्या म्हणाली. "एका दिसात समदं रान लावायचं न्हाई. थोडं कर, मग बस, मग परत ये."

आई माझ्या शेजारच्या ओळीत सरकली. "लई दुखतंय?"

"दुखतंय."

"आता परत जानार तू. डोंगरात, कचेरीवर."

"जाणार."

तिनं एक रोप खोचलं. मग हळूच म्हणाली, "मग सांजच्याला मी काय करू?"

ते तिचं तिनं शोधायचं होतं. माझ्या हातातली रोपं संपली होती, म्हणून न बघता हात तिच्याकडे केला. तिनं रोपांची मूठ पुढं केली, पण सोडली नाही. मला ती ओढून घ्यावी लागली.