'इर्मा लू'चा लंगडा ठेका

'इर्मा लू' तुम्ही ऐकलं असेल, तर बहुधा त्या गोऱ्या पोरांचं. त्यांनी नंतर रीतसर ड्रम लावून ते पुन्हा गायलं आणि बक्कळ खपवलं. मला ते ऐकवत नाही. त्यात ठेका सरळ पडतो. मूळ गाणं आमच्या मेम्फिसचं, आणि त्यातला ठेका लुरीन टॅगर्टच्या पायांचा.

लुरीन लॉन्ड्रीत इस्त्री करायची. लहानपणी कापसाच्या गाडीवरून पडली, तेव्हापासून डावा पाय आखूड. चालली की धप्, जरा थांबून ध-धप्. पण बाईला स्वस्थ बसणं ठाऊक नव्हतं. खुर्चीत टेकली तरी पाय सुरूच. तिचा सगळा जीव चर्चच्या गायकवृंदात. दर रविवारी झगे घालून आम्ही बायका गात गात मागच्या दारातून आत यायचो. सगळ्यांत पुढे लुरीन, तिच्या मागे मी. ही पुढची जागा तिच्या आईची होती, तिच्यानंतर हिची.

तिचा भाचा हर्शेल गायचा. रेडिओ दुरुस्तीच्या दुकानामागच्या खोलीत त्याची रेकॉर्ड व्हायची होती आणि ड्रमवाला उगवलाच नाही.

"मावशी, या खोक्यावर नुसते पाय आपट."

"मेल्या, चर्चमध्ये कळलं तर?"

"पायांना कोण ओळखतंय?"

लुरीनने आपटले.

उन्हाळाभर दुसरं काही ऐकूच येईना. न्हाव्याकडे तेच, मासे तळणाऱ्याकडे तेच. पोरं रस्त्यात मुद्दाम लंगडत नाचायची. रेडिओवर ते लागलं की लुरीन इस्त्री ठेवून मागच्या अंगणात जायची, परत यायची, पुन्हा जायची.

"अगं, जरा तरी खूश हो!" मी वैतागून म्हणाले.

"खूश आहे गं. त्याचीच तर भीती वाटते."

कुठूनशी कुजबुज आमच्या चर्चचे पाद्री रेव्हरंड डब्स यांच्यापर्यंत पोचली. व्यासपीठावरून ते गरजले, "तो सैतानाचा ठेका आहे! म्हणे आपल्यातल्याच एका बहिणीचे पाय आहेत त्यात. तिने पुढच्या रविवारपासून गायकवृंदाचा झगा उतरवावा!" सगळ्यांत मोठ्याने 'आमेन' म्हणाल्या मदर ग्लॅडनी, आमच्यातल्या वडीलधाऱ्या. मला त्यांचा असा राग आला की काय सांगू!

तो आठवडा लुरीनने कसा काढला देव जाणे. रविवारी ती साध्या कपड्यांत बाकावर बसली. झगा घडी करून मांडीवर, आणि दोन्ही हात गुडघ्यांवर दाबलेले, पाय हलू नयेत म्हणून.

तिच्या जागी मदर ग्लॅडनी पुढे झाल्या. दार उघडलं, आम्ही गात आत निघालो.

धप्, ध-धप्. धप्, ध-धप्.

मागच्या बाकावर कोणीतरी फिस्सकन हसलं. मग माना वळायला लागल्या. आम्ही धडधाकट पायांच्या बायका, सगळ्या एकजात लंगडत होतो! इतकी वर्षं लुरीनच्या मागे चालून तेच चालणं आमच्या अंगवळणी पडलं होतं, आणि रेव्हरंडसकट कोणाच्या लक्षात आलं नव्हतं. लुरीन तोंडावर हात धरून बघत होती. तिने आम्हाला कधी समोरून पाहिलंच नव्हतं.

"सरळ चाला!" रेव्हरंड ओरडले.

आम्ही प्रयत्न केला. मी मदर ग्लॅडनींच्या टाचेवर पाय दिला, माझ्या मागची माझ्यावर आदळली.

मदर ग्लॅडनी लुरीनच्या बाकापाशी थांबल्या. "रेव्हरंड, आम्हाला दुसरं चालणं येत नाही. झगा उतरवायचा तर सगळ्यांचाच उतरवा." मग खाली बघून म्हणाल्या, "ऊठ गं बाई. पुढे चालणं माझ्याच्याने होत नाही."

रेव्हरंडनी बराच वेळ रुमालाने मान पुसली. शेवटी म्हणाले, "बाहेर जा. आणि पहिल्यापासून आत या. सगळ्याजणी."

दाराबाहेर मी लुरीनच्या झग्याची बटणं लावली. मग आम्ही ओळीत उभ्या राहिलो आणि तिने पाऊल टाकायची वाट बघितली.