समुद्रपूरचा संघ

पुलगावात इंटरनेट नवं होतं तेव्हा आमच्या चौकातला सायबर कॅफेवाला दर रविवारी दुपारी प्रश्नमंजूषा घ्यायचा. आम्ही चार शिक्षक एका कॉम्प्युटरवर, आणि पलीकडे, त्याच्या म्हणण्याप्रमाणे, समुद्रपूरच्या कॅफेतला संघ. तो प्लायवूडच्या आडोशामागून प्रश्न पाठवायचा. आधी उत्तर टाइप करेल त्याला गुण. समुद्रपूर नेहमी एकाच गुणाने जिंकायचं. मग आडोशातून मान काढून तो म्हणायचा, "तोंड काऊन पाडून राह्यले, सर? पुढच्या रविवारी येजा ना!"

आडोशाच्या कडेने त्याचा फक्त उजवा हात दिसायचा. त्या हातात चहाचा ग्लास असला की समुद्रपूर मुकं होतं, हे माझ्या लक्षात आलं. मी कोणाला काही बोललो नाही. पुढच्या रविवारी घरून थर्मास नेला आणि अवघड प्रश्न आला रे आला की उठून त्याच्या हातात गरम चहा द्यायला लागलो. सरांनी दिलेला चहा, नाही म्हणायची सोय नव्हती. त्या दिवशी आम्ही नऊ गुणांनी जिंकलो.

निकाल सांगताना त्याच्या चेहऱ्यावरची रेषही हलली नाही.

"समुद्रपूरवाले भल्ले नाराज हायेत, सर," तो म्हणाला. "म्हणते, सरायले सांगा, थर्मास आणू नका."