मेजरकाका आणि तिसरं लाल कार्ड

थांबा, हे आत्ताच सांगते. सरांच्या तोंडून ऐकलं आणि तशीच घरी आलेय, बूट बी काढले नाहीत.

पुंडलिकनगरच्या आमच्या ग्राउंडवर सकाळी येणारं कुणी असेल तर मेजरकाकांना ओळखणारच. शहागंजातून आणलेले पांढरे कॅनव्हासचे बूट, आणि कंबर अशी हलायची की पोरं तोंडाला रुमाल लावून हसायची. काका फौजेतून रिटायर झालेले, आणि तरुणपणी चालण्याच्या शर्यतीतले खेळाडू. त्यात पळायचं नाय, नुसतं चालायचं, एक पाय कायम जमिनीला पाहिजे. मी पोलीस भरतीसाठी पळते, तर मलाच म्हणायचे, "पळतं तर कुत्रं बी, पोरी. चालून दाखव."

त्याच ग्राउंडवर एक रिटायर झालेले पीटीचे सर चालतात, हळूहळू, हात मागं बांधून. काका मागून सुसाट यायचे, खांदा घासंल इतक्या जवळून पुढं जायचे. "साइड द्या, जज्जसाहेब." प्रत्येक राउंडला. सर कडंला सरकायचे.

मला वाटायचं मस्करी हाय. मग काकूंनी सांगितलं. देशाच्या टीमची निवड होती, शेवटचा राउंड, काका सगळ्यांच्या पुढं. दोन पंचांनी आधीच लाल कार्ड दिलेलं, तिसरं मिळालं की बाहेर. तिसरं या सरांनी दिलं, दोन्ही पाय हवेत होते म्हणून. परत काकांना कुणी बोलावलंच नाही.

"पडेगावला आमचा मोकळा प्लॉट पडलाय," काकू म्हणाल्या. "पण यांना घर त्या सरांच्याच गल्लीत पाहिजे होतं. शोधत शोधत आले."

मी काकांना विचारलं, तुम्हाला त्यांच्याकडून पाहिजे तरी काय?

"माझं चुकलं, एवढं म्हणू दे. बस."

सरांना विचारलं तर ते म्हणाले, "पाय हवेत होते."

मधे सर बाथरूममध्ये पडले, खुब्याचं ऑपरेशन झालं. काठी टेकत परत आले तेव्हा वाटलं, आता तरी काका सोडतील. कुठलं काय. पहिल्याच राउंडला, "साइड द्या." गेटवरचा चहावाला चाचा म्हणाला, "मेजरसाब, बस करो अब, बुढ्ढा गिर जाइंगा." मी बी लई बोलले.

काका म्हणाले, "फौजेत आजारी माणसाला सुट्टी भेटती. माफी नाय."

एक दिवस सर बाकावर बसून राउंडभर काकांचे पाय बघत राहिले. काका जवळ आले तेव्हा म्हणाले, "एकदम बरोबर चालताय, मेजर. पाय जमिनीवर हाय."

काका थांबले. मधेच थांबलेलं मी त्यांना तेव्हाच बघितलं.

"आजचं विचारलं नव्हतं मी," म्हणाले आणि निघाले.

त्याच महिन्यात काका गेले. झोपेतच.

आणि आज सकाळी सरांनी मला बाकाजवळ बोलावलं. "त्या दिवशी मला पाय दिसलेच नव्हते," म्हणाले. "मधे एक राउंड मागं पडलेला खेळाडू आला. पण अंदाजानंच कार्ड वर गेलं होतं. सगळ्यांसमोर खाली कसं घेणार?"

"मग काकांना का नाही सांगितलं?"

"सांगितलं असतं तर दुसऱ्या दिवशी तो आला नसता. बायको गेल्यावर माझ्याशी रोज बोलणारा तो एकटाच होता."

दया यायला पाहिजे होती. नाही आली. मी म्हटलं, "सर, उठा. हे काकूंना सांगा, त्यांच्या दारात उभं राहून, मोठ्यानं." तर म्हणतात, आता काय उपयोग. काठी उचलून हातात दिली तरी उठले नाहीत. तिथंच सोडून आले त्यांना.

खिडकीतून काकूंचं दार दिसतंय. उघडंच हाय. मी जाऊन सांगितलं तर सर सुटतात, आणि नाही सांगितलं तर काकूंना कधीच कळणार नाही. तुमच्या बाबतीत झालंय का असं कधी, दुसऱ्याच्या वाट्याची माफी आपल्याच हातात येऊन पडलीय? काय केलं तुम्ही तिचं?