‘यस’ कुणी दाबलं?

अन् वरून मलाच म्हणतो, “ताई, तुमीच काहीतरी दाबलं असंल!” माझ्याच दुकानात, दोन गिऱ्हाइकांसमोर!

ग्रुपमधल्या भावाबहिणींनो, कळमनुरीत मी लग्नपत्रिका छापते. काल आपल्या ग्रुपातलाच एक मेकॅनिक माझ्या कंप्युटरमधला जुना गेम काढायला आला. मधातच मशीननं इंग्रजीत काहीतरी विचारलं. मी म्हणलं, “भाऊ, काय विचारून राहिलं ते?”

“तुमाला न्हाई कळायचं.” अन् दाबलं यस.

आज सकाळी पत्रिकेचा प्रोग्राम उघडंचना. कुठली तरी डीएलएल फाईल सापडत न्हाई म्हणे. याला बोलावलं, तर माझ्यावरच ढकलून गेला.

मग नांदेडच्या भाचीला फोन लावला. ती म्हणली, “मावशी, ती फाईल एकट्या गेमची नव्हती. एका जात्यावर चार घरं दळतेत, तसे तिच्यावर लई प्रोग्राम चालतेत. मशीन तेच विचारत होतं, दुसऱ्या कुणाला लागत असंल, तरी काढू का?”

माझ्यासारख्या चौथी शिकलेल्या बाईला हे फोनवर कळलं. भाऊ, तुमाला समोर लिहिलेलं वाचता आलं न्हाई?

भाचीनं सांगितलं तशी ती फाईल दुसऱ्या मशीनवरून आणून टाकली. प्रोग्राम चालू झाला. अन् पहिली पत्रिका कुणाची उघडली? तुमच्याच पोरीची.

पोरीचा काही गुन्हा न्हाई, पत्रिका चांगलीच छापीन. पण शनिवारपर्यंत इथंच, सगळ्यांसमोर लिहा, यस कुणी दाबलं. न्हाईतर निमंत्रकात तुमच्या नावापुढं कंसात ‘यस दाबणारे’ येईल. बोला, काय छापू?