धोंडबाजींचे सूंस

धोंडबाजी लोकांच्या अस्थी प्रयागला नेतच नाहीत, हे आमच्या गणेशपेठेत लहान पोरालाही माहीत होतं. पानठेलेवाले गणपतराव पानाला चुना लावता लावता अशा थाटात सांगायचे, जसे काही स्वतः मागे मागे जाऊन पाहून आले.

"तो कायचा जाते गा प्रयागले. कन्हानच्या पुलावरून लोटा उपडा करते, अन् कामठीले साळ्याच्या घरी चार दिवस खाटेवर पडून राहते. नाही तं एका दिवसाच्या कामाले चार दिवस काहून लागते?"

ऐकणारे माना डोलवायचे. आता कन्हान ही प्रयागच्या वाटेवर येतच नाही. आपली गाडी काटोलवरून इटारसीकडे जाते, कन्हान भलतीकडेच. पण पानठेल्यावर नकाशा कोण काढून बसते? आणि गंमत म्हणजे, असं बोलणाऱ्या प्रत्येकाने आपल्या घरचा लोटा मात्र धोंडबाजींच्याच हाती दिलेला होता. गणपतरावांनी तर दोन.

खरी गोष्ट अशी की ते प्रयागला जात होते आणि चारही दिवस तिथेच राहत होते. हे मी ऐकीव सांगत नाही. अठ्ठ्याहत्तर साली, शिमगा झाल्यावर, मी आणि बाबा त्यांच्यासोबत गेलो होतो.

धोंडबाजी रेल्वेत पॉइंट्समन होते, गाड्यांचे रूळ बदलायचे. रिटायर झाले तरी पास मिळायचा, आणि पास मिळाला की मोहल्ल्यातले मेलेले लोक त्यांच्यासोबत गंगेला जायचे. अस्थींचा लोटा घरात न्यायचा नाही, जमिनीवर ठेवायचा नाही, अशी आपली रीत. म्हणून लोक तो लाल फडक्यात बांधून धोंडबाजींच्या अंगणातल्या कडुलिंबाला टांगून जायचे. पास येईस्तोवर लोटे तिथे लटकलेले. वारा सुटला की एकमेकांवर आपटायचे. मग धोंडबाजींच्या बायको, कौसल्याबाई, घरातूनच ओरडायच्या, "जिते होते तवाही भांडत होते, आताही भांडून राहिले." संक्रांतीपासून त्या लिंबाला माझी थोरली आत्याही होती. तिला तिथे भांडायला माणसं मिळाली असतील, या विचाराने मला जरा बरं वाटायचं.

पानठेल्यावर मी सगळ्यांच्या नकला करायचे, त्यात धोंडबाजींची सगळ्यात सोपी. ते अर्धं वाक्य बोलायचे, गप्प व्हायचे, दूर कुठेतरी बघायचे, आणि उरलेलं मागाहून यायचं. "चहा घे," म्हणायचे. आपण कप तोंडाला लावला, जीभ पोळली, की मग, "गरम आहे." लोक म्हणायचे, जन्मभर सिग्नलकडे पाहून पाहून असा झाला. तेही खरं नाही. त्यांना ती सवय सूंसांनी लावली.

सूंस म्हणजे नदीतला डॉल्फिन. शाळेच्या पुस्तकात समुद्रातून उडी मारणारा असतो ना, त्याचा हा गंगेतला भाऊ. याचं तोंड चिमट्यासारखं लांब, डोळे असून नसल्यासारखे, आणि मासा नाही, त्यामुळे श्वास घ्यायला याला वर यावंच लागतं. पाणी फुटतं, 'सूं-स' असा आवाज होतो (धोंडबाजी तो काढून दाखवायचे), काळपट पाठ दिसते न दिसते तोच गेला. पुन्हा कुठे निघेल, सांगता येत नाही. म्हणून पाहणाऱ्याने बोलता बोलता थांबायचं आणि पाण्याकडे बघायचं.

जाताना गाडीत ते मला त्यांची ड्यूटी समजावत होते. वरच्या खुंटीला आत्याचा लोटा हलत होता, बाबा घोरत होते.

"सकाळची पाळी संगमावर," ते म्हणाले. मग एक स्टेशन गेलं. "दोन नद्या जिथं एकमेकीले धक्का देते ना, तिथं बारके मासे गरगर फिरते. सूंस तिथं जेवाले येते. घडी घडी वर निघते. ऊन चढलं, नावा वाढल्या, का किल्ल्याच्या खालच्या डोहात. दुपारी दार लावून बसते. कधी तरी एखादा श्वासाले निघाला तं निघाला. अन् दिवस कलला का रेतीकडे. लेकरूवाली तं रेतीकडेच. उथळ पाण्यात लेकराले मासा धराले शिकवते."

"तुम्हाले कोणी सांगितलं हे?"

"कोण सांगणार? बसून पाहिलं." मग बराच वेळ काही नाही. मला वाटलं, संपलं. "पाहिलं ते ठीक होतं. सांगाले नव्हतं पाहिजे."

ती सांगण्याची गोष्ट अशी. फार वर्षांपूर्वी कौसल्याबाईंचे गुडघे धरले. प्रयागचा मैकू नावाडी धोंडबाजींना म्हणाला, सूंसाचं तेल लावा, बाबूजी, हड्डी तक जाता है। त्यांनी एक शिशी आणली. तेलाचा वास असा होता की मांजर घर सोडून गेली, पण कौसल्याबाई उठून मंगळवारीच्या बाजारापर्यंत चालत गेल्या. झालं. मोहल्ल्यात जेवढे गुडघे होते तेवढे लिंबाखाली येऊन उभे राहिले. भीमाबाई म्हणाली, मलेही आण. गणपतरावांची कंबर म्हणाली, मलेही. लोटे जात राहिले, शिश्या येत राहिल्या.

मैकू तेल आणेपर्यंत धोंडबाजी घाटावर बसून असायचे. तिथेच त्यांना सूंस बघायचा नाद लागला. बघता बघता सगळा दिवसक्रम पाठ झाला. आणि माणसाला एखादी गोष्ट पाठ झाली की ती म्हणून दाखवावीशी वाटते. घरी कोण ऐकणार? नावेत मैकू होता. त्यालाच सांगितलं: सकाळी कुठे, दुपारी कुठे, दिवस कलल्यावर लेकरूवाली कुठे. मैकू फार मन लावून ऐकायचा.

पुढच्या खेपेला धोंडबाजींनी पाहिलं, सकाळी जाळं संगमावर, संध्याकाळी रेतीजवळ. अगदी पाळीप्रमाणे. ते मैकूवर भडकले, तर तो सरळ मनाने म्हणाला, "आप ही तो बताए थे, बाबूजी." त्यात खोटेपणा नव्हता. त्याला वाटलं, तेल जास्त लागतं म्हणून बाबूजी पत्ता सांगून राहिले.

त्या दिवसापासून तेल बंद. मोहल्ला रागावला, कन्हानची अफवा तेव्हाच निघाली. आम्ही निघायच्या आधी कौसल्याबाई तर मला दारात गाठून म्हणाल्या, "माह्या गुडघ्यापायी गंगा रिकामी झाली म्हणते. मी काय पिली का वं गंगा?" आणि आवाज उतरवून, "जाऊन राहिली ना तू त्यायच्या संगं? एक बारकी शिशी आण. मी कोणाले सांगत नाही."

मैकूनेही मग ते काम सोडलं म्हणे. पण गोष्ट एकदा सांगितली की ती एकट्या मैकूजवळ कशी राहील? दर वर्षी सूंस कमी होत गेले. सुरुवातीला मोजता यायचे नाहीत, मग बोटांवर आले. मागच्या खेपेला एकच होती. लेकरूवाली, पण लेकराविना. ती रोज संध्याकाळी रेतीकडेच यायची, उथळ पाण्यात.

आम्ही पोचलो तेव्हा धोंडबाजींना एवढंच बघायचं होतं, की ती आहे का.

पहिल्या दिवशी बाबांनी पंड्याकडून विधी करवले. आत्या पाण्यात गेली, उन्हाने विटून गुलाबी झालेलं फडकं तरंगत राहिलं. बाबा घाटावर रडत बसले, मी त्यांच्याजवळ. धोंडबाजी मैकूच्या नावेत. मी त्यांना नंतर विचारलं, एवढं झाल्यावर याच माणसाच्या नावेत काहून बसता? ते म्हणाले, "दुसऱ्याच्या नावेत बसलो, तं याच्याकडे कोण पाहील."

दुसऱ्या दिवसापासून मीही सोबत. सकाळी संगमावर. एका अंगाला मळकट पाणी, एका अंगाला हिरवट, मधली रेघ जशी कोणी बोटाने काढलेली. बारके मासे होते. ते वरवर उड्या मारत होते, कारण त्यांना खायला कोणी येत नव्हतं. धोंडबाजी म्हणाले, "मासे माजले." पुढचा अर्धा भाग ते बोललेच नाहीत. दुपारी किल्ल्याखालच्या डोहापाशी. उन्हाने पाणी डोळ्यात घुसत होतं, प्रत्येक लाट मला पाठ वाटत होती.

"तो पाहा."

"तो ओंडका आहे."

"तो?"

"तो बी तोच ओंडका."

संध्याकाळी रेतीकडे. काही नाही. तिसऱ्या दिवशी पुन्हा सकाळ, दुपार. मैकू वल्हं धरून बसलेला. म्हातारा झाला होता, पण ज्या वेळी जिथे जायचं तिथे न सांगता नाव न्यायचा. सगळं वेळापत्रक त्याच्या हातात होतं. नदीत फक्त ज्यांचं ते होतं, ते नव्हते.

शेवटच्या संध्याकाळी, रेतीला लागताना, धोंडबाजी म्हणाले, "नाही दिसत आता."

"दिसते ना," मी म्हटलं. "लावा पैज."

"काय लावतं?"

माझ्याजवळ लावायला काय होतं? येताना इटारसीपासून खिडकी मी धरली होती आणि लघवीलाही उठले नव्हते. "खिडकी," मी म्हटलं. "नाही दिसली तं जाताना खिडकी तुमची. दिसली तं माझी."

"लागली," ते म्हणाले, आणि हे एक वाक्य त्यांनी एका दमात पूर्ण केलं. त्यांना हरायचं होतं. मला जिंकायचं होतं. म्हणजे आम्ही दोघं एकाच बाजूने होतो, आणि दोघंही डोळे फाडून बघत होतो.

दिवस रेतीपलीकडे उतरला. पाणी आधी तांबडं, मग राखेसारखं. एक बगळा उठला. मैकूने विडी पाण्यात टाकली, ती चर्र झाली, तेवढाच काय तो आवाज. नाव फिरवायची वेळ झाली तरी कोणी फिरवा म्हणत नव्हतं.

मग धोंडबाजी म्हणाले, "तो आवाज काढत होती ना तू पानठेल्यावर." थांबले. "काढ."

तो मला छान जमतो. ओठ जवळ आणायचे, हवा आधी फोडायची, मग आत ओढायची. मी काढला. सूं-स.

मैकू ताडकन उठून उभा राहिला. नाव डोलली. त्याने आवाजाकडे बघितलंच नाही. उथळ पाण्याकडे बघितलं, नेमकं तिथे, जिथे ती यायची. "निकली का? बाबूजी, निकली?" त्याचा आवाज पोरासारखा झाला होता. माझ्याकडे लक्ष गेल्यावर तो हळूच खाली बसला.

धोंडबाजींनी मान वळवली नव्हती. ते माझ्याच तोंडाकडे बघत होते. "बराबर आहे," ते म्हणाले. खूप वेळाने, "असाच."

मैकू वल्हं मारायला लागला. उतरताना धोंडबाजींच्या पायाशी वाकला, त्यांनी पाय मागे घेतले, मग त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "मैकू, अब मैं नहीं आऊँगा." उरलेल्या वाक्याची मैकू वाट बघत राहिला. उरलेलं काही नव्हतंच.

घरी लोटे लिंबाला टांगलेले असणार, पुढच्या पासाची वाट बघत. ते आता कोण आणेल, हे बाबांनी धर्मशाळेत दोनदा विचारलं. धोंडबाजींनी त्यांना चहा घ्यायला सांगितलं.

परतीच्या गाडीत मी खिडकीची जागा सोडून उभी राहिले. "बसा," मी म्हटलं, "पैज म्हणजे पैज." बाबा म्हणाले, राहू द्या गा धोंडबाजी, लेकरू आहे, बसू द्या तिले. पण ते बसले. हरलेल्याचं घ्यावंच लागते, म्हणाले.

गाडी सुटली. थोड्याच वेळात यमुनेचा पूल आला. डब्यातले लोक उठून खिडक्यांना चिकटले, पाण्यात पैसे टाकायला लागले, एका बाईने माझ्या डोक्यावरून हात घालून हळदकुंकू टाकलं. खाली सगळी नदी होती, या टोकापासून त्या टोकापर्यंत, उन्हात चकाकत.

धोंडबाजी खिडकीला पाठ लावून, डब्याकडे तोंड करून बसले होते. पूल संपेपर्यंत तसेच.